ओठांवरचा निरोप

१

मागांचा आवाज मला आठवतो, असं म्हणता येणार नाही. तो अजून कानात आहेच. मला आठवते ती एक शिंक.

तेव्हा मला कापडाच्या गिरणीत लागून वर्षही झालं नव्हतं, विणकामाच्या खात्यात. मोठ्या पत्र्याच्या छपराखाली शेकडो माग एकाच वेळी चालायचे. आडवा धागा नेणारा धोटा या टोकाहून त्या टोकाला आपटायचा आणि परत यायचा, आणि हे सगळ्या मागांवर एकदम. कोणी कानाशी येऊन किंचाळलं तरी ऐकू यायचं नाही. एके दुपारी वीज गेली. माग चालवणारे पट्टे फिरत फिरत मंदावले आणि थांबले. अशी शांतता पडली, की माणसं एकमेकांकडे घाबरून बघायला लागली. त्या शांततेत कोणीतरी शिंकलं. बारीक, मांजराच्या पिलासारखं. आणि मग हसलं. मी वळून पाहिलं तर ती होती, माझ्या शेजारच्या रांगेतली. तिच्याशी मी कित्येक महिने रोज बोलत होतो. तिचे रुसवे, तिच्या भावाची नोकरी, तिला आवडणारा रंग, सगळं मला ठाऊक होतं. आवाज मात्र मी त्या दिवशी पहिल्यांदा ऐकला.

हे लोकांना समजावून सांगावं लागतं. आम्ही खात्यात ओठांनी बोलायचो. आवाज काढायचाच नाही. तोंड मोठं उघडायचं, शब्द सावकाश घडवायचा, भुवया आणि हात लागतील तसे मदतीला घ्यायचे. समोरचा ते वाचायचा. नव्या माणसाला आधी काही कळत नाही, मग एक दिवस कळायला लागतं, आणि एकदा कळलं की ते सुटत नाही. या टोकाचा माणूस त्या टोकाच्या माणसाची टर उडवायचा आणि मधले सगळे पोट धरून हसायचे. मुकादमाला आम्ही त्याच्या पाठीमागे काय काय म्हणायचो, ते लिहिण्यासारखं नाही. तो वळला, की सगळी तोंडं मिटलेली.

ओठांच्या बोलीत सगळेच 'तू' असायचे. पुढे आमचं लग्न झालं आणि चारचौघांत मी तिचा 'अहो' झालो. पण ओठांनी मी कायम 'तू'च राहिलो. मुलगी झोपली, की आमची भांडणंसुद्धा तशीच व्हायची, बिनआवाजाची. रागात तिचे ओठ एवढे लांबरुंद व्हायचे, की मला हसू फुटायचं आणि ती आणखी भडकायची.

गेल्या वर्षी ती गेली. छातीचं दुखणं होतं. इस्पितळात तिच्या तोंडावर ऑक्सिजनचा मास्क होता. शेवटच्या दिवशी ती त्याच्या आत काहीतरी बोलत होती. प्लास्टिकवर वाफ धरलेली, मला ओठ दिसेनात.

मी नर्सला म्हटलं, "बाई, जरा बाजूला करता का? ती बोलतेय."

नर्स मायेने म्हणाली, "आजोबा, त्यांच्यात बोलायचं त्राण नाही हो. तुम्हाला वाटतंय तसं."

वाफ यायची, जायची. मग ती यायची थांबली.

हल्ली मी घराबाहेर पडताना तोंडाला रुमाल बांधतो. लोकांना वाटतं, म्हातारबाबांना धुळीचा त्रास आहे. वाटू दे.

२

माझी मुलगी बस-स्थानकावर तिकिटं देते. काचेच्या खोपटात बसते. आतून बोलायला माइक आणि बाहेर एक छोटा स्पीकर आहे. स्थानकामागच्या एका खोलीत ती एकटी राहते.

तिला एक लेक होती. आम्ही तिला मुंगी म्हणायचो, कारण साखरेचा डबा कुठेही लपवा, तिला सापडायचाच. मुंगी शाळेत जायच्या वयाची झाली आणि एका तापात गेली. त्यानंतर जावई हळूहळू कमी बोलायला लागला, मग कमी यायला लागला, मग आलाच नाही. मुलीने त्याला कधी दोष दिला नाही. ती कोणालाच काही म्हणत नाही. कामाला जाते, येते, झोपते. दुपारी कोणी समोर डबा ठेवला नाही तर जेवतही नाही. आधी तो डबा माझी बायको न्यायची. ती गेल्यावर मी न्यायला लागलो.

"बाबा, हे भाजीत मीठ घातलंय, की मिठात भाजी?" मुलगी स्पीकरवरून विचारायची. रांगेतली माणसं हसायची. कामाखेरीज तेवढंच तिचं दिवसाचं बोलणं.

बायको जाऊन काही महिने झाले होते. मी डबा घेऊन चौकात उभा होतो. समोर एक बस थांबली होती, काचा बंद केलेली. खिडकीशी एक बाई बसली होती. तरणी, ऑफिसात जाणारी असावी. ती माझ्याकडे बघत होती. तिचे ओठ हलले.

'बटण लाव नीट.'

मी खाली पाहिलं. शर्टाचं बटण खालच्या काजात गेलं होतं, एक पल्ला वर, एक खाली. मला आधी लाजच वाटली. मग कळलं, की त्या बाईने ते ओठांनी म्हटलं होतं, आमच्या पद्धतीने. जबडा खाली ओढून, शब्द तोंडाच्या पुढच्या भागात आणून. आणि शेवटी हनुवटीला एक झटका. असा झटका सगळ्या खात्यात एकच बाई द्यायची.

मी मान वर केली तोवर बस निघाली होती. ती बाई समोर बघत होती, जांभई देत.

रस्ता कसा ओलांडला, ते मला माहीत नाही. पण स्थानकावर पोचलो तेव्हा मी हसत होतो. मुलीने विचारलं, "काय बाबा, लॉटरी लागली काय?" मी म्हटलं, "ऊन छान आहे." त्या दिवशी घरी येऊन मी पोटभर जेवलो. किती दिवसांनी.

३

माझा डोळ्यांवर विश्वास नव्हता, हे आधीच सांगतो. थोड्याच दिवसांपूर्वी माझ्या उजव्या डोळ्यातला मोतीबिंदू काढला होता. सगळं जरा जास्तच लखलखीत दिसायचं. मी मनाशी म्हणायचो, नवीन डोळा आहे, म्हातारं डोकं आहे, दोघांचं अजून जुळलेलं नाही.

पण ते होत राहिलं. बेकरीच्या काचेमागे पाव रचणारी पोरगी म्हणाली, 'सावकाश चाल.' पलीकडच्या पदपथावरच्या पोलिसाने, चांगल्या झुबकेदार मिशांतून, मला 'चष्मा पूस' म्हटलं. मी तिथेच हसायला लागलो. पोलीस माझ्याकडे संशयाने बघायला लागला. त्याला बिचाऱ्याला काय माहीत, की त्याच्या मिशांखालून माझी बायको बोलून गेली होती.

मी जास्त वेळ बाहेर राहू लागलो. काचा असतील तिथे उभा राहायचो. चौकात, दुकानांसमोर, दूर कुठे दोन माणसं बोलत असतील तिथे. आवाज ऐकू येणार नाही इतकं अंतर लागायचं. कधी दिवसभर काही नाही, कधी एकाच सकाळी दोनदा. लहानसं काहीतरी. मी त्यावर जगत होतो, असं म्हटलं तरी चालेल.

एक गोष्ट खटकायला हवी होती. ती हळूहळू गोड बोलायला लागली होती. 'काळजी करू नकोस.' 'तू चांगला आहेस.' आमची ही गोड बोलणाऱ्यातली नव्हती. लग्नानंतर तिने माझं एकदाच कौतुक केलं, तेही शेजारणीजवळ आणि मी आत झोपलोय असं समजून. पण माणसाला गोड हवंच असतं. मी स्वतःला समजावलं, गेल्यावर माणूस मऊ होत असेल.

मग न्हाव्याकडचं झालं.

न्हावी जुना, ओळखीचा. बोलका इतका, की दाढी करून घेणाऱ्याला उत्तर देता येत नाही हेच त्याला आवडतं. मी खुर्चीत, तोंडाला फेस, समोर मोठा आरसा. तो माझ्या मागे उभा राहून वस्तरा पुसत बडबडत होता, मेहुण्याने घेतलेल्या जुन्या मोटारीबद्दल. "ढकलून ढकलून चालते हो ती. मी म्हटलं, यापेक्षा बैल घेतला असतास तर निदान..."

आरशात त्याचे ओठ भलतंच काही म्हणत होते.

आवाज मोटारीचा होता. ओठ म्हणत होते, 'इकडे बघ. मी आहे.'

आजवर हे काचेपलीकडे व्हायचं, जिथे आवाज नसायचा. इथे दोन्ही होतं, आणि दोन्हीचा एकमेकांशी संबंध नव्हता. मी खुर्चीचे हात घट्ट धरले, पण संधी जाऊ देण्याइतका मी भित्रा नव्हतो. मी आरशात बघून ओठांनीच विचारलं. फेस ओठांत गेला. जे मला सगळ्यांत आधी विचारायचं होतं तेच विचारलं.

'मुंगी तुझ्याजवळ आहे का?'

न्हाव्याचे ओठ थांबले. त्याचा आवाज चालू होता, "...आणि पेट्रोल तर अशी पिते..." ओठ मात्र थांबले होते. मग ते रुंद झाले. मोठं, छान हसू. आणि त्या हसण्यातून शब्द आले.

'सगळं ठीक आहे. काम करत राहा.'

मी खुर्चीतून उठलो. गळ्यातलं फडकं ओढून काढलं आणि अर्ध्या गालाला फेस तसाच ठेवून रस्त्यावर आलो. मागून न्हावी ओरडत होता, "अहो आजोबा! एका बाजूचीच झालीय!"

४

ती दोन वाक्यं काय आहेत, ते सांगतो. मग बाकीचं आपोआप कळेल.

आमच्या खात्यात एक रीत होती. मी लागायच्या आधी कधीतरी एका बाईला मागावर उभी असताना कोणीतरी येऊन सांगितलं, की तिची आई गेली. ती वेड्यासारखी धावली, चालत्या पट्ट्यांच्या मधून. तिचे मोकळे केस पट्ट्यात गेले. त्यानंतर खात्याने ठरवून टाकलं. कोणाच्या घरून वाईट बातमी आली, तर ती ओठांवरून सगळ्या रांगांत फिरायची, फक्त त्या एका माणसाला सोडून. आणि पाळी संपून माग थांबेपर्यंत, त्या माणसाने ज्याच्याकडे बघावं त्याने हसायचं आणि म्हणायचं, 'सगळं ठीक आहे. काम करत राहा.'

माझे वडील गेले त्या दिवशी मी मागावर होतो. मला वाटलं, आज सगळं खातं माझ्यावर खूश आहे. जो तो हसतोय. मुकादम, जो कधी दात दाखवायचा नाही, तोही हसला. शेजारच्या रांगेतली ती तर इतकं गोड हसली, की मी दिवसभर हवेत होतो. 'सगळं ठीक आहे,' ती म्हणाली, 'काम करत राहा.' मी राहिलो. माझ्या उभ्या आयुष्यात इतकी सुखाची दुपार दुसरी गेली नसेल. मग माग थांबले आणि सगळ्यांचं हसू एकदम उतरलं.

गंमत अशी, की रीत सगळ्यांनाच माहीत होती. मी स्वतः दुसऱ्यांना तसं हसून दाखवलं होतं. तरी आपल्यावर वेळ आली, की ओळखू येत नाही. आपल्याला वाटतं, आपल्यापुरतं ते खरं आहे.

ही रीत आम्ही घरी कधी आणली नाही. बायकोचा सक्त दम होता, "गिरणीतलं ते गिरणीत." मुलीला ओठांची बोली येते. आमची भांडणं चोरून बघता बघता ती लहानपणीच शिकली. पण ही दोन वाक्यं तिने कधी पाहिली नाहीत.

अर्धी दाढी घेऊन मी घरी बसलो होतो. खिडकीतून ऊन आत येत होतं. एकच विचार पुन्हा पुन्हा यायचा. ही रीत मला माहीत आहे, हे बायकोला माहीत आहे. तरी तिने तेच म्हटलं. म्हणजे त्याहून बरं काही तिच्याजवळ नव्हतं.

५

गिरणी बंद झाल्यावर तिथे गोदाम झालं. त्याच्यासमोरच्या बागेत माझा एक जुना सोबती दुपारी येऊन बसतो. मागांनी त्याचे कान पार नेले. स्वतःचा आवाज ऐकू येत नसल्यामुळे तो एवढ्या मोठ्याने बोलतो, की सगळे त्याला भोंगा म्हणतात. त्याच्याशी ओठांनीच बोलावं लागतं. पण तो नेहमी खाली मान घालून बसलेला असतो. आधी गुडघ्यावर चापट मारायची, मग त्याने वर बघायचं.

मी चापट मारली. त्याने माझ्या ओठांकडे पाहिलं, आणि त्याच्याकडे बघताना मला पहिल्यांदाच जाणवलं, की तो घाबरत घाबरत वर बघतो.

'तुला कोणी दिसतं का?' मी विचारलं. 'लोकांच्या तोंडांत?'

"हळू बोल!" तो ओरडला. बाकावरची कबुतरं उडाली. मी आवाज काढलाच नव्हता.

'कोण?'

"माझा भाऊ." भोंग्याच्या भावाला गिरणीनेच नेलं होतं, फार पूर्वी. "कान गेले तेव्हापासून. घरात, बाजारात, सुनेच्या तोंडात. एकदा तर डॉक्टरच्या. मी म्हटलं, बाबा रे, माझं गुडघ्याचं बघायला आलोय, तू कशाला मधे?" तो हसला, पण हसणं मधेच विझलं.

'काय म्हणतो?'

"छानच म्हणतो." त्याने पुन्हा मान खाली घातली आणि जमिनीशी बोलला. बाजूने जाणारी दोन माणसं थबकली, इतक्या मोठ्याने. "कधी वाईट बोलला नाही. सगळं छान आहे म्हणतो. हसतो. मला सांग, खात्यात आपण कधी हसायचो असं? कधी? म्हणून मी बघत नाही. तूही बघू नकोस."

मी त्याच्या गुडघ्यावर पुन्हा चापट मारली. मला विचारायचं होतं, तिथे काय असेल रे. त्याने वर पाहिलं नाही. मी हलवलं तरी पाहिलं नाही.

६

बघू नकोस म्हणणं सोपं आहे. डबा तर न्यायचाच होता.

मी खाली बघत जायला लागलो. चपला, खड्डे, लोकांच्या पिशव्या. स्थानकावर गेलो की काचेखालच्या फटीतून डबा सरकवायचा आणि वळायचं. मुलगी स्पीकरवरून म्हणायची, "बाबा, आज मीठ कसं आहे?" मी खाली बघूनच म्हणायचो, "चाखून बघ." दोन-तीन दिवस गेले. मग तिचा आवाज बदलला.

"माझ्याकडे बघत का नाही तुम्ही?"

आपल्या लेकीने असं विचारल्यावर कोण बघणार नाही?

मी पाहिलं. तिचं तोंड अगदी आईवर गेलंय, हे मी विसरलो होतो. मागे रांग होती. एका माणसाने पुढे वाकून काहीतरी विचारलं, आणि स्पीकरमधून तिचा नेहमीचा सपाट आवाज आला, "ती गाडी पलीकडच्या फलाटावर लागेल, लवकर जा." काचेमागे तिचे ओठ हलले. शेवटी हनुवटीला झटका बसला.

'हिला सांगू नकोस.'

डबा माझ्या हातातून पडला. झाकण घरंगळत लोकांच्या पायांत गेलं. मुलगी खोपटाचं दार उघडून धावत बाहेर आली. रांगेतले लोक कुरकुरले, कोणीतरी मला बाकावर बसवलं. ती माझ्यासमोर उकिडवी बसली आणि विचारत राहिली, काय झालं, छातीत दुखतंय का, पाणी देऊ का. मी तिच्या केसांकडे बघत होतो. तोंडाकडे बघायची छाती झाली नाही.

"चक्कर," मी म्हटलं. "उन्हाची."

आभाळ भरलेलं होतं. तिने घरंगळलेलं झाकण शोधून आणलं. पण ती माझ्या नजरेकडे बघत होती, हे मला कळलं.

७

सुटीच्या दिवशी ती माझ्याकडे आली. येताना पाव आणि फळं घेऊन आली. दोन खोल्यांत केर काढला, माझी भांडी पुन्हा घासली ("बाबा, ही घासलेली आहेत, की नुसती भिजवलेली?"), आणि मग स्वयंपाकघरातल्या छोट्या टेबलाशी माझ्यासमोर बसली. सकाळची वेळ. खालून रस्त्याचे आवाज येत होते.

"आई दिसते ना तुम्हाला?"

मी कप फिरवत राहिलो.

"तुम्ही लोकांच्या तोंडांकडे बघता. मग एकदम बघायचं बंद केलंत. परवा माझ्याकडे पाहिलंत आणि डबा पाडलात. मी काही लहान नाही, बाबा."

"मोतीबिंदू काढल्यापासून मला..."

"मोतीबिंदूचं सोडा." तिने माझा कप बाजूला सरकवला. "मला आत ऑफिसात बसवत होते. बढती. पंखा, खुर्ची, सगळं. मी नको म्हटलं. तुम्ही आणि आई किती चिडलात माझ्यावर. आठवतं?"

"आठवतं. अजून चिडलोय."

"काचेसाठी नको म्हटलं. दिवसभर तोंडं समोर येतात. मी कधी कधी बटण दाबून आवाज बंद करते आणि नुसते ओठ बघते. लोक शिव्या घालतात, काचेवर हात आपटतात. मी बघत राहते. मुंगीला येत होतं ना ओठांचं? आईने शिकवलं होतं ना?"

"चांगलं येत होतं," मी म्हटलं. "पाहुण्यांसमोर काय काय म्हणायची."

"साखर कसं म्हणायची!" मुलगी म्हणाली, आणि तिने ते करून दाखवलं. ओठ पुढे काढून, डोळे बारीक करून, जणू तो शब्दच गोड आहे. आम्ही दोघंही हसलो. मग ती हसता हसताच थांबली. "एवढ्या वर्षांत एकाही तोंडात ती नाही. एकदाही नाही, बाबा. मी काय वाईट आई होते का?"

"वेडी आहेस का तू?"

"मग तुम्ही विचारलंत का? आईला? तिच्याबद्दल?"

मी खोटं बोलायला हवं होतं. पण तिच्या डोळ्यांसमोर ते जमलं नाही. "विचारलं."

ती पुढे वाकली. तिचे हात टेबलावर होते, पालथे, घट्ट. "काय म्हणाली?"

खाली रस्त्यावर कोणीतरी हातगाडी ओढत होतं. मी ते ऐकत राहिलो.

"बाबा, मला फार काही नको. ती बरी आहे, एवढंच कळलं, की मी सुटले."

कशातून, ते मी विचारलं नाही. विचारायची मला भीती वाटली.

काय करायचं? खरं सांगायचं, तर मला खरं माहीत नव्हतं. मला एवढंच माहीत होतं, की तिथे काहीतरी असं आहे, ज्याच्यापुढे माझ्या बायकोसारखी बाई, जिने आयुष्यात कोणाचं मन राखलं नाही, तिलासुद्धा गोड हसावं लागतंय. आणि माझी छोटी मुंगी त्यातच कुठेतरी आहे. हे मी लेकीला कोणत्या तोंडाने सांगणार होतो? आणि बायकोची ती दोन वाक्यं जशीच्या तशी पुढे दिली, तर मी लेकीला पट्ट्यांच्या मधे उभी करून हसल्यासारखं झालं असतं.

मग मी ठरवलं, की ती वाक्यं द्यायची नाहीत. माझ्या शब्दांत सांगायचं, आवाजाने. ओठांची बोली खात्याची असेल. आवाज तर माझा आहे. बापाने लेकीला सांगितलेलं खोटं, एवढंच त्याचं वजन. देवाच्या दारी त्याची शिक्षा मी भोगीन.

"ती बरी आहे, बाळा," मी म्हटलं. आवाज थोडा घोगरा आला, पण आला. मी तो ऐकला. "आजीजवळ आहे. बरी आहे."

मुलगी माझ्या डोळ्यांत बघत नव्हती. ती माझ्या ओठांकडे बघत होती.

माझं बोलणं संपलं. तिची नजर हलली नाही. ती वाचत होती. डोळे बारीक इकडून तिकडे जात होते, वाचताना जातात तसे. आणि मग मला जाणवलं, की माझा जबडा अजून हलतोय. ओठ उघडताहेत, मिटताहेत, जीभ दातांना लागतेय. मी काहीच बोलत नव्हतो. मला काही बोलायचं नव्हतं. हनुवटीला एक झटका बसला.

मी दोन्ही हात तोंडावर दाबले. ओठ तळव्यांखाली चालूच राहिले, मुठीत धरलेल्या पाखरासारखे. मी मानेने नाही नाही म्हणत होतो. मुलगी उठली, टेबलाला वळसा घालून माझ्यासमोर आली, आणि तिने माझी मनगटं धरली. जोर केला नाही. तिच्या लहानपणी मी तोंडातून माती काढायचो, तितक्याच मायेने तिने माझे हात खाली घेतले आणि धरून ठेवले.

मग ती वाचत उभी राहिली.

तिच्या चेहऱ्यावर मी शोधत होतो, काहीतरी, एखादी खूण. आनंद नव्हता. रडू नव्हतं. एकदा तिचे ओठ पुढे आले, डोळे बारीक झाले, जणू कोणीतरी तिला ओळखीचा शब्द दाखवला आणि तिने तो म्हणून बघितला. मग तेही गेलं. चेहरा रिकामा झाला, रात्रभर गाडीत बसून आलेल्या माणसाचा होतो तसा.

माझे ओठ थांबले. तोंड कोरडं पडलं होतं.

"काय?" मी म्हटलं. "काय म्हणाली? बाळा, मला सांग. कोण होतं? काय म्हणालं?"

तिने माझी मनगटं सोडली. माझ्या शर्टाची कॉलर सारखी केली. कोपऱ्यात ठेवलेली पिशवी उचलली, चपला घातल्या, आणि दार ओढून न घेता जिना उतरली. मी खिडकीशी गेलो आणि तिला हाक मारली, एकदा, पुन्हा एकदा. खाली सकाळची गर्दी होती. सगळे बोलत होते. ती त्यांच्यामधून चालत गेली, घाई न करता, काही न बोलता.